बोअर युद्ध: भांडण दोघांचं, जमीन तिसऱ्याची

ज्यांचा दिवसाचा डेटा संपलाय किंवा ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचणं सोपं जातं, त्यांच्यासाठी हे या भागाचं लिखित रूप. बोलताना अडखळलो ते काढून टाकलंय, बाकी बोललो तसंच ठेवलंय.

आजचा भाग एका व्हॉइस नोटवरून सुचला. स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी आपली एक श्रोती विचारते, "दादा, पुस्तकात एका ओळीत दिलंय की गांधीजींनी बोअर युद्धात इंग्रजांना मदत केली. का केली ते दिलंच नाही. आणि मुळात बोअर चांगले होते का वाईट? आपण कोणाच्या बाजूचे?"

प्रश्न भारी आहे. पहिल्या भागाचं उत्तर दहा मिनिटांत देता येतं. शेवटच्या प्रश्नासाठी मात्र पूर्ण भाग लागेल. त्यात एक नागपूरचे डॉक्टर येतील, नगर-साताऱ्याला आणलेले कैदी येतील, आपल्याकडचा दुष्काळ येईल आणि आपली मँगनीजची खाणपण येईल. तर बसा आरामात.

बोअर म्हणजे कोण?

बोअर हा डच शब्द. अर्थ साधा आहे: शेतकरी. १६५२ साली डच ईस्ट इंडिया कंपनीने आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला, केपला, एक ठाणं बसवलं. युरोपातून आपल्याकडे मसाल्याला येणारी जहाजं मध्येच थांबायची. त्यांना ताजा भाजीपाला, पाणी, मटण मिळावं, एवढ्यासाठी ते ठाणं होतं. म्हणजे हायवेवरचा ढाबा समजा. पण ढाबेवाले तिथेच राहिले, त्यांनी जमिनी घेतल्या, पिढ्या झाल्या. त्यांची डच भाषा बदलत बदलत आफ्रिकान्स झाली.

"जमिनी घेतल्या" हे मी पटकन बोलून गेलो. त्या कोणाच्या होत्या? तिथे आधीपासून राहणाऱ्या खोईखोई, सान, खोसा, झुलू, सोथो, त्स्वाना लोकांच्या. हे लक्षात ठेवा. शेवटी आपल्याला याच्याकडेच परत यायचंय.

पुढे इंग्रज आले. १८०६ मध्ये त्यांनी केप कायमचं ताब्यात घेतलं. १८३४ मध्ये तिथली गुलामगिरी कायद्याने बंद केली. बोअरांची शेती गुलामांवर चालायची, त्यामुळे हे त्यांना झोंबलं. इतरही कारणं होती. १८३५ च्या पुढे हजारो बोअर कुटुंबं बैलगाड्या जुंपून उत्तरेला निघाली. या प्रवासाला ते 'ग्रेट ट्रेक' म्हणतात. वाटेत तिथल्या लोकांशी लढाया करत त्यांनी दोन स्वतंत्र राज्यं उभी केली, ट्रान्सवाल आणि ऑरेंज फ्री स्टेट. इंग्रजांनी १८५२ आणि १८५४ मध्ये या राज्यांना मान्यतापण दिली.

मान्यता दिली, कारण तोवर तिकडे गवत आणि गुरांशिवाय काही दिसत नव्हतं.

जमिनीखाली काय निघतं, त्यावर सगळं ठरतं

खाप्याच्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. आपल्या कन्हानकाठचं गाव म्हणजे विणकरांचं गाव, हातमागांचं गाव. एकोणिसावं शतक संपता संपता या पट्ट्यात मँगनीज सापडलं आणि सगळ्यांची नजर जमिनीच्या वरून खाली गेली. पोलाद बनवायला मँगनीज लागतं. आणि रेल्वेचा रूळ असो, जहाज असो की तोफ, सगळ्याला पोलाद लागतं. आज गुमगावची खाण मॉइलकडे आहे. तेव्हा मात्र खनिज इथलं, खणणारे हात इथले आणि कंपनी गोऱ्यांची, असा मामला होता.

ट्रान्सवालला १८८६ मध्ये सोनं सापडलं. थोडंथोडकं नाही, जगातला सगळ्यात मोठा साठा. त्या डोंगररांगेचं नाव विटवॉटर्सरँड, लोक नुसतं 'रँड' म्हणायचे. (पुण्यात १८९७ मध्ये चापेकरांनी ज्याला मारलं तो रँड वेगळा. परीक्षेत घोळ घालू नका.) ओसाड माळावर जोहान्सबर्ग उभं राहिलं. खाणी खोल होत्या, म्हणून मोठं भांडवल लागत होतं आणि ते बहुतेक लंडनचं होतं. खाली उतरणारे मजूर आफ्रिकी होते.

खाणींमुळे हजारो परदेशी, मुख्यतः इंग्रज, ट्रान्सवालमध्ये आले. बोअर त्यांना 'ओइटलँडर' म्हणत, म्हणजे बाहेरचे. राष्ट्राध्यक्ष पॉल क्रूगर त्यांच्याकडून कर घ्यायला तयार होता, पण मताचा अधिकार द्यायला नाही. कारण दिला तर आपणच आपल्या राज्यात अल्पसंख्य होऊ, ही भीती. इंग्रजांनी याच मुद्द्याला धरलं: आमच्या लोकांवर अन्याय होतो! १८९५ च्या अखेरीस जेम्सन नावाच्या माणसाने काहीशे घोडेस्वार घेऊन ट्रान्सवालवर धाड घातली आणि ती सपशेल फसली. त्यानंतर दोन्ही बाजू तयारीला लागल्या.

युद्ध

११ ऑक्टोबर १८९९. युद्ध सुरू. एका बाजूला जगातलं सगळ्यात मोठं साम्राज्य. दुसऱ्या बाजूला दोन छोटी शेतकरी राज्यं, ज्यांच्याकडे गणवेश घातलेलं मोठं सैन्यच नव्हतं. शेतकरी आपला घोडा, आपली टोपी घेऊन यायचा आणि लढायचा. पण त्यांच्या हातात नव्या जर्मन माउझर रायफली होत्या आणि लहानपणापासून शिकार केलेली नजर होती.

लंडनला वाटलं, ख्रिसमसपर्यंत आटपेल. डिसेंबरच्या एकाच आठवड्यात, १० ते १५ तारखेदरम्यान, इंग्रज तीन ठिकाणी हरले: स्टॉर्मबर्ग, मॅगर्सफोंटेन आणि कोलेन्सो. या आठवड्याचं नावच 'काळा आठवडा' पडलं. लेडीस्मिथ, किंबर्ली, मेफकिंग ही गावं बोअरांनी वेढली होती.

आता यातलं 'इंडिया कनेक्शन' बघा. लेडीस्मिथमध्ये अडकलेला जनरल जॉर्ज व्हाइट हा त्याआधी भारताचा सरसेनापती होता. त्याच्या फौजेचा मोठा भाग भारतातून जहाजाने गेलेला. हार झाल्यावर सूत्रं घ्यायला पाठवलेला लॉर्ड रॉबर्ट्स, तोही भारताचा जुना सरसेनापती. आणि त्याच्याबरोबर गेलेला किचनर १९०२ च्या शेवटी भारताचा सरसेनापती होऊन आला. म्हणजे हे साम्राज्य एकच दुकान होतं. काउंटर वेगवेगळे, मॅनेजर फिरते.

पण भारतातून गेलेले लढणारे सैनिक गोरे होते. इंग्रजांनी ठरवलं होतं की हे 'गोऱ्यांचं युद्ध' आहे. गोऱ्या माणसावर गोळी झाडायला काळा किंवा तपकिरी हात वापरायचा नाही, निदान उघडपणे तरी. मग भारतीय का नेले? घोड्यांना नाल ठोकायला, पाणी भरायला, जखमींच्या डोल्या उचलायला, कपडे धुवायला, जनावरांवर उपचार करायला. जोहान्सबर्गला एका टेकडीवर या युद्धात मेलेल्या भारतीय लष्करातल्या लोकांचा स्मारकस्तंभ आहे. त्यावर इंग्रजी, उर्दू आणि हिंदीत मजकूर आहे आणि इंग्रजी मजकुरात चक्क 'नालबंद' हा आपला शब्द कोरलाय. गोळी झाडायची बंदी होती, गोळी खायची नव्हती.

टेकडीच्या पायथ्याशी

आता गांधीजी. ते १८९३ पासून तिकडे वकिली करत होते. नाताळ या इंग्रजी वसाहतीत १८६० पासून उसाच्या मळ्यांवर करारबद्ध मजूर म्हणून भारतीय नेले जात होते. त्यांच्यामागे व्यापारी गेले. गोऱ्यांना दोघंही नको होते. मजूर म्हणून हवे, शेजारी म्हणून नको.

बोअर राज्यांत काय होतं? ट्रान्सवालच्या १८८५ च्या तिसऱ्या कायद्याने आशियाई लोकांना नागरिकत्व नाकारलं आणि ठरवून दिलेल्या वस्त्यांबाहेर जमीन घ्यायला बंदी केली. ऑरेंज फ्री स्टेटने तर १८९१ मध्ये भारतीय व्यापाऱ्यांना जवळजवळ हाकलूनच लावलं. म्हणजे व्हॉइस नोटमधला "बोअर चांगले का" हा प्रश्न तिथल्या भारतीय दुकानदाराला विचारला असता, तर त्याने तुम्हाला दुकानाचं बंद शटर दाखवलं असतं.

इंग्रज मंत्री हेच भांडवल करून सांगायचे: बघा, बोअर आमच्या भारतीय प्रजेला कसं छळतात! युद्धाच्या कारणांमध्ये त्यांनी हेही घातलं. मग गांधीजींनी हिशोब मांडला. ते पुढे आत्मचरित्रात लिहितात की मनाने त्यांची सहानुभूती बोअरांकडे होती. पण आपण 'ब्रिटिश प्रजा' म्हणून हक्क मागतो, तर प्रजा म्हणून कर्तव्यही करायला हवं. हक्क मागायचे आणि अडचणीच्या वेळी घरी बसायचं, हे त्यांना पटत नव्हतं.

सुरुवातीला इंग्रजांनी ही मदत नको म्हटली. काळ्या आठवड्याची वेळ आली तेव्हा घेतली. सुमारे ११०० भारतीयांचं रुग्णवाहक पथक उभं राहिलं. त्यातले ८०० च्या आसपास करारबद्ध मजूर होते. परीक्षेच्या पुस्तकातली "गांधीजींनी मदत केली" ही ओळ यांच्या खांद्यांवर उभी आहे.

जानेवारी १९०० मध्ये स्पायन कोप नावाच्या टेकडीवर भयंकर लढाई झाली. माथ्यावर इंग्रज सैनिक दाटीवाटीने अडकले आणि बोअर तोफांनी त्यांना भाजून काढलं. जखमींना खाली आणायचं काम या पथकाकडे होतं. काही दिवस तर स्ट्रेचर घेऊन २० ते २५ मैल चालावं लागलं. अंदाज हवा असेल तर, खाप्याहून नागपूर साधारण ३५ किलोमीटर. म्हणजे एक जखमी माणूस खांद्यावर घेऊन आपल्या नदीपासून सीताबर्डीपर्यंत पायी जायचं.

त्या टेकडीच्या परिसरात तेव्हा तीन माणसं होती. खाली स्ट्रेचरवाल्यांत गांधी. इंग्रजांच्या बाजूने धावपळ करणारा तरुण विन्स्टन चर्चिल. आणि समोर बोअरांचा सेनापती लुई बोथा. पुढे एक राष्ट्रपिता झाला, एक ब्रिटनचा पंतप्रधान आणि एक दक्षिण आफ्रिकेचा पंतप्रधान. वेबसीरिजवाल्यांनी असं लिहिलं असतं तर आपण म्हणालो असतो, "काहीही दाखवतात बाप्पा!"

वेढलेल्या लेडीस्मिथमधला एक माणूसही लक्षात ठेवा, प्रभुसिंग. करारावर आलेला मजूर. समोरच्या डोंगरावरून बोअरांची तोफ उडाली की गोळा पोचायच्या आत घंटा वाजवायची, म्हणजे लोक लपतील, हे त्याचं काम. त्यासाठी तो स्वतः उघड्यावर बसायचा. लोकांचा जीव वाचायचा. त्याची कीर्ती भारतात व्हाइसरॉय कर्झनपर्यंत पोचली आणि कर्झनने त्याच्यासाठी काश्मिरी झगा पाठवला.

नागपूरचे डॉक्टर

याच युद्धात इंग्रजांच्या वैद्यकीय पथकात आणखी एक तरुण गेला होता. बाळकृष्ण शिवराम मुंजे. जन्म १८७२, बिलासपूरचा. मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजातून १८९८ मध्ये डॉक्टर झाले, मुंबई महापालिकेत नोकरी धरली आणि ती सोडून दक्षिण आफ्रिकेला गेले. लष्करी जीवनाची ओढ होती. परत आल्यावर नागपुरात डोळ्यांचे डॉक्टर म्हणून स्थिरावले, टिळकांच्या राजकारणात आले, पुढे हिंदू महासभेचे मोठे नेते झाले.

आता गंमत पाहा. गांधी आणि मुंजे. एकच युद्ध, एकच बाजू, दोघंही जखमींची सेवा करणारे. आणि दोघांनी घेतलेले धडे एकदम उलटे. गांधीजी पुढे सत्याग्रहाकडे गेले. मुंजे आयुष्यभर म्हणत राहिले की आपल्या पोरांना लष्करी शिक्षण द्या. १९३१ मध्ये ते इटलीत मुसोलिनीला भेटले, तिथल्या तरुणांच्या लष्करी संस्था पाहिल्या आणि १९३७ मध्ये नाशिकला भोसला मिलिटरी स्कूल काढलं.

दोघांची टक्कर झाली तीही नागपूरच्या निमित्ताने. १९२० च्या डिसेंबरमध्ये काँग्रेसचं अधिवेशन नागपूरला होतं. मुंज्यांची इच्छा होती की अरविंद घोषांनी अध्यक्ष व्हावं. अरविंदांनी ३० ऑगस्टच्या पत्रात त्यांना नकार कळवला. नागपुरात असहकाराच्या ठरावावर शिक्कामोर्तब झालं आणि काँग्रेस गांधीजींच्या हाती आली. कोण बरोबर, कोण चूक, यावर आपल्याकडे आजही कट्ट्यावर भांडणं होतात. मला फक्त एवढंच दिसतं: एकच गोष्ट डोळ्यांनी पाहिली म्हणून माणसं एकच शिकतील, याची काही गॅरंटी नाही.

त्याच वर्षी इकडे

कर्झनच्या काश्मिरी झग्याजवळ परत येऊ. तो १८९९-१९०० चा काळ होता. त्याच वेळी भारतात काय चाललं होतं? दुष्काळ. १८९६-९७ च्या दुष्काळातून लोक जेमतेम सावरत होते, तोच १८९९ चा पाऊस गेला. राजस्थान-गुजरातकडे याला 'छपनिया' म्हणतात, कारण तेव्हा विक्रम संवत १९५६ होतं. आपण तेव्हा मध्य प्रांतात होतो, आणि सगळ्यात जास्त होरपळलेल्या भागांत मध्य प्रांत होता. १९०० च्या उन्हाळा-पावसाळ्यात इथे २० लाखांहून जास्त लोक सरकारी मदतीवर होते. देशभरात हा आकडा ६० लाखांच्या घरात गेला. खडी फोडायची, तलाव खोदायचे, रस्ते करायचे आणि दिवसाच्या शेवटी पोटापुरतं मिळवायचं.

विणकराचं दुःख आणखी वेगळं. शेतकऱ्याचं पीक बुडालं की लुगडं विकत घेणारं गिऱ्हाईक बुडतं. माग चालू असतो, पण बाजार बंद. विणणाऱ्या हातांना खडी फोडता येत नाही आणि फोडली तर ते हात पुन्हा बारीक सुताला लागत नाहीत. कोष्टी वस्तीत वाढलेल्या कोणालाही हे कळेल.

लंडनमध्ये १८९७ च्या दुष्काळासाठी जेवढा निधी जमला होता, तेवढा १९०० मध्ये जमला नाही. लोकांचं लक्ष युद्धाकडे होतं, देणग्यापण तिकडे जात होत्या. त्या युद्धावर ब्रिटनने २० कोटी पौंडांहून जास्त खर्च केला. मेफकिंगचा वेढा उठला तेव्हा, मे १९०० मध्ये, लंडनच्या रस्त्यांवर लोक रात्रभर नाचले. तो मे महिना आपल्याकडे कसा असतो, तुम्हाला माहीत आहे.

छावण्या

जून १९०० मध्ये इंग्रजांनी ट्रान्सवालची राजधानी प्रिटोरिया घेतली. युद्ध संपलं असं वाटलं. पण बोअर गनिमी काव्यावर उतरले. छोट्या टोळ्या, घोडे, रात्रीत रेल्वेचा रूळ उखडणं. हा डाव महाराष्ट्राला नवा नाही. गनिमी कावा चालतो तो गावाच्या आधारावर. भाकरी गावातून येते, बातमी गावातून येते.

किचनरने गावच काढून टाकायचं ठरवलं. सुमारे ३० हजार शेतघरं जाळली, पिकं पेटवली, गुरं मारली. देशभर काटेरी तारा आणि सुमारे ८००० छोट्या चौक्या उभारल्या. आणि घर जळालेल्या बायका-पोरांना, म्हाताऱ्यांना तंबूंच्या छावण्यांत कोंबलं. कॉन्सन्ट्रेशन कँप. मराठीत आपण छळछावणी म्हणतो आणि हिटलर आठवतो. इथे ठरवून मारण्याची यंत्रं नव्हती. इथे होतं घाणेरडं पाणी, अपुरं अन्न, गोवर, विषमज्वर आणि बेफिकिरी. मेलेल्या पोरांना त्या फरकाचा काय उपयोग?

एमिली हॉबहाउस नावाची इंग्रज बाई तिथे गेली, तंबू-तंबू फिरली आणि १९०१ मध्ये तिने अहवाल छापला. स्वतःच्या देशात तिला देशद्रोही म्हणून शिव्या खाव्या लागल्या. पण त्या अहवालाने संसद हलली, चौकशी समिती नेमावी लागली आणि हळूहळू छावण्या सुधारल्या. तोवर उशीर झाला होता. बोअर छावण्यांत सुमारे २८ हजार माणसं मेली. त्यातली २२ हजार १६ वर्षांखालची मुलं होती.

आता जरा थांबा, कारण बहुतेक व्हिडिओ इथेच संपतात.

त्या शेतांवर फक्त बोअर राहत नव्हते. त्यांचे काळे मजूर, कुळं, त्यांची कुटुंबंही राहत होती. घरं जळली ती त्यांचीही. त्यांच्यासाठी वेगळ्या छावण्या काढल्या, ६० हून जास्त. युद्धाच्या शेवटी त्यांत एक लाखाहून जास्त लोक होते. तिथे रेशन विकत घ्यावं लागायचं, त्यासाठी पुरुषांनी लष्कराची कामं करायची. नोंद झालेले मृत्यू १४ हजारांहून जास्त आहेत. नोंदीच नीट ठेवल्या नव्हत्या, म्हणून अभ्यासक खरा आकडा २० हजारांच्या वर धरतात.

१९१३ मध्ये ब्लूमफोंटेनला छावण्यांत मेलेल्या बायका-मुलांचं मोठं स्मारक उभारलं गेलं. संख्या दिली २६,३७०. शेवटच्या शून्यापर्यंत मोजलेली. काळ्या छावण्यांतली माणसं त्यात नाहीत. ज्याची मोजणी होते, त्याचंच दुःख इतिहासात जातं. आपल्या २० लाखांतल्या किती जणांची नावं आपल्याला माहीत आहेत?

नगर-साताऱ्यातले बोअर

पकडलेल्या बोअर सैनिकांना आफ्रिकेत ठेवलं तर पळून जातील, म्हणून इंग्रजांनी त्यांना समुद्रापार पाठवलं: सेंट हेलेना, सिलोन, बर्म्युडा आणि भारत. भारतात ९ हजारांच्या आसपास आले. महाराष्ट्रात त्यांच्या छावण्या होत्या तेव्हाच्या अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, आणि साताऱ्याला.

चित्र डोळ्यांसमोर आणा. साताऱ्याला, अजिंक्यताऱ्याच्या मुलखात, दाढीवाले आफ्रिकान्स बोलणारे शेतकरी कैदी आणि त्यांच्यावर इंग्रजांचा पहारा. बाजूने जाणारा आपला शेतकरी काय विचार करत असेल? गोरा माणूस गोऱ्याच्या कैदेत! साहेब म्हणजे सगळे एक, साहेब कधी हरत नाही, या समजुतीला तो एक तडाच होता. तिकडे काही हजार शेतकऱ्यांनी साम्राज्याला अडीच वर्षं नाचवलं आणि त्यांना हरवायला चार लाखांहून जास्त फौज लागली, ही बातमी भारतात खूप जणांनी आवडीने वाचली.

सुटायचं तर इंग्लंडच्या राजाशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घ्यायची, ही अट होती. काही जण इतके हट्टी, की युद्ध संपून दीड वर्ष झालं तरी शपथ घेईनात. १९०३ च्या डिसेंबरमध्ये त्यांचाच जुना सेनापती कूस दे ला रे भारतात आला आणि त्याने त्यांची समजूत काढली: चला, घरी चला.

कलम आठ

३१ मे १९०२. फ्रीनिखिंगचा तह. बोअर राज्यं संपली, इंग्रज जिंकले. पण तहातलं आठवं कलम वाचा, सगळा खेळ तिथे आहे. त्याचा अर्थ असा: काळ्या लोकांना मताचा अधिकार द्यायचा की नाही, हे या वसाहतींना स्वराज्य मिळाल्यानंतर ठरेल. म्हणजे तेव्हा, जेव्हा सत्ता पुन्हा तिथल्या गोऱ्यांच्या हातात असेल. दोघं भांडले, दोघांनी समेट केला आणि बिल तिसऱ्याच्या टेबलावर ठेवलं.

१९०७ मध्ये ट्रान्सवालला स्वराज्य मिळालं, पंतप्रधान झाला स्पायन कोपचा बोथा. १९१० मध्ये चारही वसाहती मिळून दक्षिण आफ्रिका संघ झाला. १९१३ च्या जमीन कायद्याने देशाच्या बहुसंख्य काळ्या लोकांसाठी सुमारे ७ टक्के जमीन राखून ठेवली. बाकी जमीन घ्यायला त्यांना बंदी. पुढची वर्णभेदाची इमारत याच पायावर उभी राहिली.

आणि भारतीयांचं काय झालं, ज्यांच्या हक्कांसाठी लढतो असं इंग्रज म्हणाले होते? बोअरांचे जे कायदे होते, ते इंग्रजांनी जास्त काटेकोरपणे लावले. १९०६ मध्ये नवा हुकूम आला: प्रत्येक आशियाई माणसाने बोटांचे ठसे देऊन नोंदणी करायची आणि परवाना जवळ बाळगायचा. ११ सप्टेंबर १९०६ ला जोहान्सबर्गच्या एम्पायर थिएटरमध्ये भारतीयांनी शपथ घेतली, हा कायदा मानणार नाही, तुरुंगात जाऊ. सत्याग्रहाचा जन्म तिथला. स्ट्रेचर उचलून हक्क मिळत नाहीत, हे कळलेल्या माणसांनी उचललेलं ते पुढचं पाऊल होतं.

बोअर युद्धासाठी गांधीजींना पदक मिळालं होतं. ते त्यांनी १ ऑगस्ट १९२० ला व्हाइसरॉयला परत केलं. त्याच दिवशी मुंबईत टिळक गेले होते.

मग आपण कोणाच्या बाजूचे?

आता त्या प्रश्नाचं उत्तर. बोअरांवर अन्याय झाला का? झाला, भयंकर झाला. म्हणून ते न्यायाचे पाईक होते का? नाही. त्यांना जे स्वातंत्र्य हवं होतं, त्यात दुसऱ्याच्या जमिनीचा आणि दुसऱ्याच्या घामाचा वाटा गृहीत धरलेला होता. इंग्रज अन्याय मिटवायला आले होते का? त्यांनी तसं सांगितलं, पण तहावर सही करताना ते विसरले.

म्हणून माझं उत्तर असं: दोन बाजूंचं भांडण दिसलं की आधी विचारा, हे भांडण उभं आहे त्या जमिनीवर तिसरं कोण राहतं? आपल्याकडेही धरण असो, खाण असो, कोणाच्या हक्काची लढाई असो, स्टेजवर दोनच पार्ट्या दिसतात. तिसरा बहुतेक वेळा डोली उचलत असतो किंवा घंटा वाजवत असतो. परीक्षेत हे लिहून मार्क मिळतील का, ते मी सांगू शकत नाही. पण त्या एका ओळीच्या मागे ८०० मजूर होते, एवढं तरी नक्की लिहा.

तुमच्या घरात, गावात कोणाचे पणजोबा-खापरपणजोबा फौजेबरोबर परदेशी गेले असतील, नालबंद म्हणून, डोलीवाले म्हणून, स्वयंपाकी म्हणून, तर आजी-आजोबांना विचारा आणि व्हॉइस नोट पाठवा. छपनियाच्या दुष्काळाच्या आठवणी घरात कोणी सांगत असेल तर त्याही पाठवा. पुढच्या भागात आपण त्या दुष्काळावरच बोलणार आहोत, आणि त्यात कन्हानकाठच्या मागांचा आवाज असला पाहिजे.

भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या, ऐकत राहा!